नव्या कालगणनेचे प्रकरण: फोमेंकोंचे सूत्र आणि नोव्हगोरोदचे कुलूप

मॉस्को राज्य विद्यापीठातले गणितज्ञ अनातोली फोमेंको यांनी १९७० च्या दशकात एक सिद्धांत मांडायला सुरुवात केली. त्याचा निष्कर्ष असा, की माणसाचा लेखी इतिहास जेमतेम हजार वर्षांचा आहे. पेरिक्लिसचे अथेन्स, सीझरचे रोम, बायबलमधले राजे हे सगळे मध्ययुगातल्या माणसांचे आणि घटनांचे पडसाद आहेत. मूळ हकीकत एकच होती. ती निरनिराळ्या भाषांत, निरनिराळ्या नावांनी लिहिली गेली. पुढे हे मूळ एकच आहे याचा लोकांना विसर पडला. सोळाव्या-सतराव्या शतकात स्कॅलिजर आणि पेटाव्हियस या विद्वानांनी जगाच्या सनावळ्या जुळवल्या, तेव्हा या सगळ्या प्रती एकीमागे एक मांडल्या गेल्या आणि काळ लांबला. या मांडणीला ‘नवी कालगणना’ म्हणतात.

ही मांडणी खोटी आहे. तरीही तिचा नीट अभ्यास व्हायला हवा असे मला मनापासून वाटते. भाषा, समाजाची स्मृती आणि प्रत्यक्ष घडलेले वास्तव या तिघांना एका गणितात बांधण्याचा इतका मोठा प्रयत्न दुसरा क्वचितच झाला असेल, आणि तो करणारा माणूस खराखुरा गणितज्ञ होता. १९४५ साली आजच्या दोनेत्स्कमध्ये जन्मलेले फोमेंको भूमिती आणि संस्थितीशास्त्र (टोपॉलॉजी) यांतले मान्यवर संशोधक आहेत, रशियन विज्ञान अकादमीचे सदस्य आहेत, आणि १९९६ मध्ये त्यांना गणितातल्या कामासाठी रशियाचा राज्य पुरस्कार मिळाला. त्यामुळे ‘त्यांना गणित येत नाही’ हे उत्तर इथे चालत नाही. चूक दुसरीकडे कुठेतरी आहे, आणि ती शोधताना इतिहासाबद्दल आपल्यालाच बरेच काही कळते.

कल्पना सर्वस्वी त्यांची नव्हती. निकोलाय मोरोझोव्ह हे झारविरोधी क्रांतिकारक श्लिसेलबर्गच्या किल्ल्यात वीस वर्षांहून अधिक काळ कैदेत होते. तिथे बायबलमधले ‘प्रकटीकरण’ वाचताना त्यांना त्यातल्या चिन्हांत ग्रहस्थितीचे वर्णन दिसले. त्यांनी गणित केले आणि तो ग्रंथ इ. स. ३९५ मध्ये लिहिला गेला, असे ठरवले. पुढे १९२४ ते १९३२ या काळात त्यांनी सात खंड लिहून प्राचीन इतिहासाचा बराच भाग मोडीत काढला. त्या खंडांकडे मॉस्कोच्या गणितज्ञांचे लक्ष वेधले ते मिखाईल पोस्तनिकोव्ह यांनी. दरम्यान अमेरिकेत रॉबर्ट न्यूटन हे भौतिकशास्त्रज्ञ प्राचीन ग्रहणांच्या नोंदी वापरून चंद्राच्या गतीतला बदल मोजत होते. त्यांच्या आलेखात मध्ययुगाच्या आसपास एक न उलगडणारी उडी आली. फोमेंकोंनी विचारले: चंद्र ठीक असेल आणि नोंदींच्या तारखाच चुकीच्या असतील तर? प्रश्न रास्त होता. तो विचारल्याबद्दल मी त्यांना दोष देणार नाही.

सूत्र काय होते

फोमेंकोंच्या पद्धतीचा पाया तीन मोजमापांवर आहे. पहिले मजकुराच्या आकारमानाचे. एखाद्या बखरीत किंवा इतिवृत्तात कोणत्या वर्षावर किती ओळी खर्च झाल्या आहेत, याचा आलेख काढायचा. जी वर्षे गाजली त्यांच्यावर मूळ काळातच भरपूर लिहिले गेले. काळाच्या ओघात बरेचसे नष्ट झाले तरी जिथे ढीग मोठा होता तिथे शिल्लकही जास्त उरते. म्हणजे एकाच काळाबद्दलच्या दोन ग्रंथांच्या आलेखांत शिखरे साधारण त्याच वर्षांवर यायला हवीत. आणि दोन ‘वेगवेगळ्या’ काळांवरच्या ग्रंथांत शिखरे जुळली, तर ते दोन काळ एकच असण्याचा संशय घ्यायचा.

दुसरे मोजमाप नावांचे. ग्रंथाचे पिढीवार तुकडे करायचे आणि एखाद्या पिढीत प्रथम आलेली नावे पुढच्या तुकड्यांत किती वेळा येतात ते मोजायचे. माणसे विसरली जातात, म्हणून हा आकडा हळूहळू घटत जायला हवा. मध्येच तो उसळला, तर तिथे जुनाच मजकूर पुन्हा चिकटवला गेला आहे असे समजायचे. हे सूत्र त्यांनी बायबलला लावले.

तिसरे सर्वांत गाजलेले: राजांच्या कारकिर्दींची लांबी. लागोपाठच्या पंधरा राजांनी किती किती वर्षे राज्य केले, एवढे पंधरा आकडे घ्यायचे. दुसऱ्या कोणत्यातरी घराण्याचे पंधरा आकडे त्यांच्याशेजारी ठेवायचे आणि दोहोंतले अंतर काढायचे. नकलनवीस चुका करतात हे गृहीत धरून शेजारच्या दोन राजांची अदलाबदल करायला किंवा दोघांना एकत्र करून एक मोजायला मुभा होती. अशा तुलनांतून जुने इंग्रज राजे आणि बायझंटाइन सम्राट, इस्रायलचे राजे आणि पश्चिम रोमचे सम्राट अशा जोड्या त्यांना ‘एकच’ दिसल्या. सगळा इतिहास एका छोट्या मूळ इतिवृत्ताच्या चार प्रतींनी बनला आहे आणि त्या प्रती सुमारे ३३३, १०५३ आणि १७७८ वर्षांनी मागे सरकलेल्या आहेत, असा अंतिम आराखडा त्यांनी दिला.

कागदावर हे देखणे आहे. स्मृती कशी झिजते याचे एक प्रतिमान, त्यातून निघणारी मोजता येण्याजोगी अपेक्षा, आणि मग पडताळणी.

आपल्या माहितीच्या इतिहासावर

कोणतेही मोजमाप परक्या प्रदेशावर वापरण्याआधी ओळखीच्या जमिनीवर लावून पाहावे. पेशवाईच्या तारखा आपल्याला तोंडपाठ असतात. पहिले बाजीराव १७२० ते १७४०, वीस वर्षे. नंतर नानासाहेब १७६१ पर्यंत, एकवीस वर्षे. शेवटाकडे पाहा: सवाई माधवराव १७७४ ते १७९५, एकवीस वर्षे, दुसरे बाजीराव १७९६ ते १८१८, बावीस वर्षे. शेजाऱ्यांची अदलाबदल करायची मुभा वापरली की एका बाजूला ‘बाजीराव वीस, पुढचा एकवीस’ आणि दुसऱ्या बाजूला ‘बाजीराव बावीस, पुढचा एकवीस’ अशी जोडी तयार होते, नावासकट. मधल्या नारायणरावांची आणि राघोबांची अल्प कारकीर्द शेजाऱ्यात मिळवून टाकता येते. दोन आकडे म्हणजे पंधरा नव्हेत, हे मान्य. पण यादी लांबली की अदलाबदलीच्या, जोडणीच्या आणि ‘गादीवर केव्हा आला असे धरायचे’ याच्या शक्यताही वाढतात. राज्याभिषेकापासून मोजायचे की बापाच्या मृत्यूपासून? सहराज्य धरायचे की नाही? अशा प्रत्येक ठिकाणी अभ्यासकाला निवड करावी लागते, आणि जुळणी हवी असेल तर निवड त्या बाजूने झुकते. सातारा आणि कोल्हापूरच्या गाद्यांवर शाहू, राजाराम, शहाजी ही नावे पुन्हा पुन्हा येतात. कारण आपल्याकडे नातवाला आजोबांचे नाव ठेवतात. शे-दोनशे वर्षांनी कोणी नुसत्या याद्या हाती घेतल्या, तर त्याला तिथे एकाच घराण्याच्या दोन प्रती सहज दिसतील.

नावांच्या सूत्राची अडचण याहून खोल आहे. शिवाजी महाराजांचे निधन १६८० चे. जोतीराव फुल्यांनी त्यांच्यावर पोवाडा लिहिला १८६९ मध्ये, आणि टिळकांच्या प्रेरणेने रायगडावर उत्सव झाला १८९६ मध्ये. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस मराठी छापील मजकुरात महाराजांचे नाव ज्या जोमाने येऊ लागले, तो जोम आधीच्या शतकात नव्हता. फोमेंकोंच्या नियमाप्रमाणे ही उसळी म्हणजे चिकटवलेली नक्कल ठरावी. प्रत्यक्षात एका पारतंत्र्यातल्या समाजाला एका राजाची गरज पडली आणि त्याने त्याला हाक मारली. समाजाची स्मृती उतारावरून आपोआप गडगडत जाणारी वस्तू नाही. ती झोपते, जागी होते, भांडणात ओढली जाते, एखाद्या पिढीला जे टाकावेसे वाटले ते नातवंडे कपाळाला लावतात. झिजण्याचे एकच सूत्र तिला लावणे ही या सिद्धांतातली मूळ चूक आहे, असे माझे मत आहे.

आकाशाची साक्ष

फोमेंकोंचा भर खगोलशास्त्रावरही होता, आणि इथे त्यांचे म्हणणे गांभीर्याने तपासले गेले. थ्युसिडिडीज या प्राचीन ग्रीक इतिहासकाराने अथेन्स आणि स्पार्टा यांच्यातल्या पेलोपोनेशियन युद्धाच्या इतिहासात तीन ग्रहणे नोंदवली आहेत. रूढ तारखा इ. स. पू. ४३१, ४२४ आणि ४१३. पहिल्या ग्रहणात काही तारे दिसले असे तो लिहितो. पण ४३१ चे ग्रहण अथेन्समध्ये खग्रास नव्हते. म्हणून फोमेंकोंनी तिन्ही ग्रहणे अकराव्या शतकात नेली. थ्युसिडिडीजच्या त्याच वाक्यात सूर्य चंद्रकोरीसारखा झाला असेही लिहिले आहे. खग्रास ग्रहणाच्या ऐन वेळी कोर उरत नाही. तेजस्वी शुक्र मात्र खंडग्रासातही दिसू शकतो. म्हणजे एका वाक्यातला अर्धा भाग काटेकोर धरला गेला आणि उरलेला अर्धा सोडून दिला गेला.

प्राचीन खगोलशास्त्रज्ञ टॉलेमीच्या तारासूचीचेही असेच झाले. तारे फार हळू सरकतात. स्वाती हा त्यातला वेगवान, वर्षाला सुमारे २.३ विकला (विकला म्हणजे अंशाचा ३६०० वा भाग). सूचीतल्या स्थानांवरून ती केव्हा मोजली हे काढता येते, ही कल्पना अगदी योग्य. फोमेंको आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी आठच तारे निवडून सूचीचा काळ इ. स. ६०० ते १३०० असा काढला. पण सूचीतल्या एकेका स्थानात दहा-दहा कलांच्या (कला म्हणजे अंशाचा साठावा भाग) चुका असताना इतक्या थोड्या ताऱ्यांवर भार देता येत नाही. जास्त तारे घेऊन हेच काम करणाऱ्या रशियन खगोलशास्त्रज्ञांना काळ मिळाला तो टॉलेमीच्या आधीचा ग्रीक खगोलशास्त्रज्ञ हिप्पार्कस याच्या जवळचा, म्हणजे इसवी सनाच्या आधीचा.

मला सर्वांत निर्णायक वाटते ती बॅबिलोनची साक्ष. इ. स. पू. १३६ मध्ये १५ एप्रिलला तिथे खग्रास सूर्यग्रहण झाले. मातीच्या पाट्यांवर त्याचे वर्णन आहे: शुक्र, बुध आणि तारे दिसले, आणि एरवी त्या दिवसांत न दिसणारे गुरू व मंगळही दिसले. आजच्या गणिताने त्या दिवशीची ग्रहस्थिती काढली की हेच चित्र मिळते. शिवाय पृथ्वीचे परिवलन भरती-ओहोटीच्या घर्षणाने मंदावते आहे. ते मंदावले नसते तर त्या ग्रहणाची सावली बॅबिलोनच्या कितीतरी पश्चिमेकडून गेली असती. या एका नोंदीवरून पृथ्वीचे ‘घड्याळ’ तेव्हापासून सुमारे सव्वातीन तास मागे पडले आहे हे कळते, आणि ते इतर नोंदींशी जुळते. रॉबर्ट न्यूटन यांच्या आलेखातली उडी चांगल्या नोंदी नीट पारखून घेतल्यावर टिकली नाही.

या पाट्या स्कॅलिजरने रचल्या असे म्हणता येत नाही. तो १६०९ मध्ये वारला. कीलाकार लिपी वाचता येऊ लागली ती एकोणिसाव्या शतकाच्या मध्याला. त्या पाट्या दोन हजार वर्षे कोणाच्याच स्मृतीत नव्हत्या. फोमेंकोंचे सगळे गणित हाताळल्या गेलेल्या, नकलल्या गेलेल्या, पिढ्यानपिढ्या सांगितल्या गेलेल्या मजकुरावर उभे आहे. भूतकाळाचा जो भाग सगळे विसरले आणि जो जमिनीत तसाच पडून राहिला, त्याला या सूत्रात जागाच नाही.

भाषा

आता या प्रकरणाच्या गाभ्याकडे येतो. राजवटी एकच असल्याचे ठरवल्यावर नावेही एकच ठरवणे भाग होते. तिथे फोमेंको आणि त्यांचे सहलेखक ग्लेब नोसोव्स्की यांनी भाषेला हात घातला. जुन्या लिखाणात स्वर लिहीत नसत, म्हणून नावाचा व्यंजनांचा सांगाडा तेवढा खरा. कधी शब्द उलटाही वाचला गेला असेल. मग मंगोल म्हणजे ग्रीक ‘मेगालिऑन’, थोर. रशियावर चालून आलेला मंगोल सरदार बातू खान म्हणजे रशियन ‘बात्या’, बाप. आणि मंगोल आक्रमण म्हणून जे शिकवतात ते परक्यांचे नव्हतेच; ते एका विशाल रशियन साम्राज्याचे स्वतःचे सैन्य होते. आपल्याकडेही व्हॅटिकनला वाटिका ठरवणारे लोक आहेत, पद्धत तीच.

या पद्धतीला उत्तर दिले आंद्रेई झालिझन्याक यांनी. १९३५ साली जन्मलेल्या या भाषाशास्त्रज्ञाने फोमेंकोंच्या शब्दव्युत्पत्ती एकेक करून तपासल्या. त्यांचा मुद्दा साधा होता: व्यंजने निवडण्याची, स्वर टाकण्याची आणि क्रम फिरवण्याची मोकळीक दिली, तर कोणताही शब्द कोणत्याही शब्दाशी जुळतो, आणि जो नियम सगळेच सिद्ध करतो त्याने काहीच सिद्ध होत नाही.

ध्वनी खरोखर कसे बदलतात हे मराठी माणसाला वेगळे शिकवावे लागत नाही. सप्तचे सत्त आणि मग सात; भक्तचे भत्त आणि भात; दुग्धचे दुद्ध आणि दूध; कर्णचे कण्ण आणि कान. जोडाक्षर आधी द्वित्त होते, मग सुटे होते आणि मागचा स्वर लांबतो. बोलणाऱ्या कोट्यवधी लोकांपैकी कोणी हे ठरवून केले नाही. म्हणूनच ते विश्वासार्ह आहे. एखाद्या मजकुरात ‘सत्त’ भेटले की तो कोणत्या टप्प्यावरचा आहे हे कळते; लिहिणाऱ्याने तारीख घातली असो वा नसो.

झालिझन्याक यांचे मोठे काम नोव्हगोरोद या जुन्या रशियन शहरातल्या भूर्जपत्रांवर होते. २६ जुलै १९५१ रोजी त्या शहरातल्या उत्खननात नीना अकुलोव्हा नावाच्या कामगार स्त्रीला भूर्जाच्या सालीवर कोरलेले पहिले पत्र सापडले. तेव्हापासून एकट्या नोव्हगोरोदमध्ये हजारांवर पत्रे निघाली आहेत. त्यांत कर्जाचे हिशेब आहेत, नवऱ्याला निरोप आहेत, भांडणे आहेत, आणि तेराव्या शतकातल्या ओनफिम नावाच्या मुलाने गिरवलेली मुळाक्षरे आणि काढलेली घोडेस्वाराची चित्रेही आहेत. ही पत्रे ज्या थरांत सापडतात ते थर लाकडी रस्त्यांचे आहेत. चिखल वाढला की जुन्यावर नवा रस्ता टाकत. तिथल्या ‘थोरल्या रस्त्या’चे असे २८ थर मिळाले. ओंडक्यांतल्या वाढीच्या वलयांवरून त्यांची वर्षे काढली: सर्वांत खालचा ९५३, सर्वांत वरचा १४६२.

पत्र क्रमांक २४७ अकराव्या शतकातले. त्यात ‘क्येले’ असा शब्द कुलपापाशी आणि दारांपाशी येतो. आधीच्या अभ्यासकांनी तो संन्याशाच्या खोलीचा वाचक मानला आणि वाक्य अडखळत राहिले. झालिझन्याक यांनी दाखवले, की इतर स्लाव्ह भाषांत जिथे ‘क’चा ‘त्स’ झाला तिथे नोव्हगोरोदच्या बोलीत ‘क’ तसाच राहिला. म्हणजे हा शब्द रशियन ‘त्सेल’च, अखंड, शाबूत. पत्राचा अर्थ एकदम लागला: अमक्यावर चाळीस नाण्यांच्या चोरीचा आळ आहे, पण कुलूप शाबूत आहे, दारे शाबूत आहेत, मालकाची तक्रार नाही, दंड आळ घेणाऱ्याला करा.

फोमेंकोंच्या मते नोव्हगोरोद हे इतिवृत्तांतले जुने नोव्हगोरोद नव्हेच. इतिवृत्तांतले नोव्हगोरोद म्हणजे यारोस्लाव्हल हे दुसरे रशियन शहर, आणि भूर्जपत्रे कितीतरी अलीकडची. पण या बोलीचे हे वैशिष्ट्य विसाव्या शतकाच्या उत्तरार्धापर्यंत कोणाला नीट माहीतच नव्हते. शिवाय खालच्या थरांतल्या पत्रांत स्लाव्ह भाषांतले जुने ऱ्हस्व स्वर टिकून आहेत, वर येता येता ते गळतात, आणि गळण्याचा हा क्रम ओंडक्यांच्या वलयांनी दिलेल्या वर्षांशी मेळ खातो. झाडांना व्याकरण येत नव्हते आणि पत्र लिहिणाऱ्यांना वलये मोजायची नव्हती. दोन साक्षीदार एकमेकांना न भेटता एकच काळ सांगतात. आकाशातले ग्रहण तिसरा. असा स्वतंत्र मेळ फोमेंकोंच्या आराखड्यात कुठेही नाही. तिथे प्रत्येक पुरावा आधीच्या निष्कर्षाला धरून वाकवावा लागतो.

लोकांनी का स्वीकारले

हा सिद्धांत घराघरांत पोचला तो १९९० च्या दशकात. सोव्हिएत संघ १९९१ मध्ये संपला. पाठ्यपुस्तकांनी खोटे सांगितले होते हे सगळ्यांना माहीत झाले होते. छायाचित्रांतून माणसे पुसली जात, हे लोकांनी स्वतः पाहिले होते. अशा समाजाला ‘सगळाच इतिहास रचलेला आहे’ हे पटणे स्वाभाविक होते. त्यातच हरवलेल्या साम्राज्याच्या जागी त्याहून मोठे, विसरलेले साम्राज्य मिळत होते. बुद्धिबळपटू गॅरी कास्पारोव्ह यांच्यासारख्या माणसालाही सुरुवातीला हे प्रश्न महत्त्वाचे वाटले. या वाचकांना मूर्ख म्हणणे मला अन्यायाचे वाटते. त्यांच्या संशयाला कारण होते. त्यांना चुकीचे साधन मिळाले.

इतिहासकार बराच काळ गप्प राहिले, आणि ती त्यांची मोठी चूक होती. डिसेंबर १९९९ मध्ये मॉस्को राज्य विद्यापीठाच्या इतिहास विभागात अखेर या विषयावर परिषद झाली. इतिहासकार, खगोलशास्त्रज्ञ, गणितज्ञ आणि भाषाशास्त्रज्ञ एकत्र बसले आणि प्रत्येकाने आपापल्या क्षेत्रातला भाग तपासून मांडला. हेच काम दहा वर्षे आधी झाले असते तर वाचकांपुढे दुसरी बाजूही आली असती.

२००७ मध्ये सोल्झेनित्सिन पुरस्कार स्वीकारताना झालिझन्याक म्हणाले, की सत्य अस्तित्वात आहे आणि त्याचा शोध हे विज्ञानाचे ध्येय आहे. त्या वर्षांत हे म्हणायला धैर्य लागत होते. दरवर्षी शरद ऋतूत ते विद्यापीठात त्या उन्हाळ्यात सापडलेल्या नव्या भूर्जपत्रांवर जाहीर व्याख्यान देत. सभागृह विद्यार्थ्यांनी आणि शहरातल्या सामान्य लोकांनी तुडुंब भरे. डिसेंबर २०१७ मध्ये ते गेले. नोव्हगोरोदचे उत्खनन चालू आहे, आणि नवी पत्रे आजही त्यांनी मांडलेल्या व्याकरणाच्या आधाराने वाचली जातात.